दह्याची पोथी वाचणाऱ्या विहीणबाई

२०२३ साली मी शहात्तर वर्षांचा होतो, शाळा चौथीत सोडलेली, आणि तोवर उभ्या उज्जैनमध्ये मला गप्प करू शकलेलं माणूस एकच: आमच्या विहीणबाई, म्हणजे माझ्या मुलाच्या सासूबाई. कॉलेजात जीवशास्त्र शिकवून त्या रिटायर झाल्या, पण शिकवणं काही रिटायर झालं नाही. कुठलीही गोष्ट एकटी म्हणून बघायचीच नाही, हा त्यांचा पक्का हट्ट. तुळस सुकली की शेजारच्या मोगऱ्याची चौकशी. टावर चौकात दोन ऑटोवाले भांडले तर सगळे मिटवायला धावतात. ह्या पोह्यांची प्लेट धरून उभ्या, आधी कोण काय बोललं ते ऐकत. मला खोकला झाला तर औषधाचं विचारलं नाही, विचारलं, "सध्या कुणाशी बोलणं बंद आहे?" होतं बंद, दोघांशी, पण ते मी कशाला सांगू?

त्या उन्हाळ्यात आमच्या दुकानातल्या दह्याला तार सुटायला लागली. विरजण माझ्या बायकोच्या हातचं, रोज त्यातलंच थोडं नव्या दुधाला लावत आलेलं. ती गेल्यावर तिच्या हातचं जिवंत असं तेवढंच उरलं होतं. गिऱ्हाइकं म्हणायची, "काका, अब वो बात नहीं रही." मुलगा म्हणाला, बाजारातलं विरजण आणू, त्याच्याशी अबोला धरला. दूधवाल्याशी भांडलो, दुसरा लावला, त्याच्याशीही भांडलो. शेवटी म्हशीवर संशय घेऊन तिला बघायला खेड्यात गेलो. तिनं माझ्याकडे ढुंकूनही बघितलं नाही.

विहीणबाईंनी वाटीभर दही नेलं आणि जुन्या विद्यार्थिनीच्या प्रयोगशाळेतून त्यातल्या जिवांचे जिनोम वाचून घेतले. जिनोम म्हणजे म्हणे प्रत्येक जिवाच्या आतली पोथी. मग त्या आमच्या घरी आल्या. घराणं शुद्धच निघणार, म्हणून मी ताठ बसलो. त्या म्हणाल्या, "पोथीवरून कळतं, कोण काय करू शकतो. कोण कुणाला घास भरवतो, ते एकत्र नांदवूनच बघावं लागतं." त्यांनी दोन जीव वेगवेगळ्या वाट्यांत वाढवले होते, दूध विरजायला नुसतंच रेंगाळलं. एकत्र केले तर झकास दही. एक जण दुधातली प्रथिनं तोडून बारीक करून दुसऱ्याला देतो, दुसरा त्याला वाढायला मदत करतो. आमच्या पातेल्यात पहिला जवळजवळ संपला होता.

"मग तुम्ही तो आणलात कुठून?"

"माझ्या स्वयंपाकघरातून. मुलांच्या लग्नानंतर तुमच्या पत्नीनंच मला हे विरजण दिलं होतं."

मुलाकडच्यांची हुकूम सोडायची सवय जाते कुठे? म्हणालो, पाठवून द्या.

"पाठवणार नाही, व्याहीबुवा. मागायला या. त्या यायच्या, तासभर बसायच्या. तुम्ही अजून आमचा उंबरा ओलांडलेला नाही."

त्या गेल्यावर मी सुनेला ऐकू जाईल अशा आवाजात जाहीर केलं की दही विकणंच बंद. ती म्हणाली, "बरं, बाबा."

दुसऱ्या दिवशी सकाळी इस्त्रीचा सदरा घालून माधव नगरात विहीणबाईंच्या घरी गेलो, चपला बाहेर काढल्या आणि आत जाऊन म्हणालो, "थोडं विरजण द्या." त्यांनी चहा ठेवला. मग मी विचारलं, आमची ही कुठल्या खुर्चीत बसायची, आणि तिथंच बसलो.