मोज्याचं शेवटचं कडवं

पृथ्वीच्या पाठीवर आजवर जेवढे गायक होऊन गेले, त्यांत सगळ्यांत जास्त वेळा सत्कार झालेला आणि सगळ्यांत कमी ऐकला गेलेला गायक म्हणजे माझे थोरले साडू, याबद्दल माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. त्यांना गाणं एकच येई. तेही इंग्रजी. नव्वदच्या दशकात न विंचरलेल्या केसांची आणि चौकड्यांच्या ढगळ शर्टांची जगभर साथ आली होती, तेव्हा अमेरिकेतल्या कुठल्याशा चार पोरांनी काढलेलं. त्या पोरांचं ते पहिलं आणि शेवटचं यश. पुढे ती कुठे गेली कोणास ठाऊक. गाणं मात्र वर्षभर सगळीकडे वाजलं, आणि वाजून वाजून जे उरलं ते सिंगापुरात बुकित पंजांगच्या एका फ्लॅटमध्ये येऊन राहिलं. तिथे बँकेच्या ऑडिट खात्यात नोकरी करणारे, कपाळाला गंध लावून एलआरटीच्या छोट्या रेल्वेगाडीत चढणारे आमचे साडू राहत.

या दोघांची गाठ पडली ती मिक्सरमुळे. सिंगापुरात आल्या आल्या ताईंनी, म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीने, त्यांना मिक्सर आणायला पाठवलं होतं. दुकानदार शेजारच्या गिऱ्हाइकाला स्पीकर वाजवून दाखवत होता आणि त्यावर हे गाणं लागलं होतं. साडू दारातच थिजले. तासाभराने ते दोन स्पीकर आणि एक सीडी घेऊन घरी आले. मिक्सर पुढच्या दिवाळीला आला. तोवर ताईंनी चटण्या खलबत्त्यात कुटल्या आणि त्या अशा आवाजात कुटल्या, की खालच्या मजल्यावरचे चिनी आजोबा भूकंप समजून चपला घालून बाहेर आले होते, असं साडू स्वतःच सांगत.

गाणं होतं एका हरवलेल्या मोज्यावर. एक माणूस सकाळी उठतो, त्याला डाव्या पायाचा मोजा सापडत नाही, आणि तो त्या मोज्याला उद्देशून विलाप करतो. कडवं म्हणताना तो दातदुखी झाल्यासारखा पुटपुटतो आणि धृपदाला बोकड कापल्यासारखा ओरडतो. "यात अद्वैत आहे," असं साडू शांतपणे म्हणत. "ऐका राव, जोडीतला एक गेला की उरलेल्याला मोजा तरी म्हणायचं का? चिंधीच ती. आता यावर विचार करा." आम्ही विचार करत नसू. आम्ही बटाटेवडा कधी येतो हे बघत असू.

पण या गाण्याची खरी खोडी पुढेच होती. तिसऱ्या कडव्यानंतर एक प्रचंड आरोळी, आणि मग एकदम सगळं गप्प. गिटार नाही, ढोल नाही, काही नाही. चांगलं एक आवर्तनभर शांतता. लहानपणी तबला शिकलेले साडू त्या शांततेत मांडीवर बोटांनी मात्रा मोजत. आणि त्यानंतर यायचं शेवटचं कडवं. "सगळा जीव तिथे आहे," असं ते सांगत. आमच्यापैकी कोणीही ते कडवं कधीही ऐकलेलं नव्हतं. कारण मराठी माणूस गाण्यातली शांतता सहन करू शकत नाही. त्याला वाटतं, आभारप्रदर्शनाची वेळ झाली. घरच्या सत्यनारायणाला साडूंनी गाणं म्हटलं, तर त्या शांततेत सगळ्यांनी सुटकेच्या टाळ्या वाजवल्या आणि तीर्थप्रसादाला रांग लावली. इथल्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात म्हटलं, तर निवेदिकाबाई त्या शांततेत लगबगीने मंचावर आल्या, "वा, वा, काय वेगळा प्रयोग," म्हणाल्या आणि अध्यक्षांनी साडूंच्या अंगावर शाल टाकून हातात नारळ दिला. साडू नारळ धरून उभे. ओठ हलतायत, मात्रा मोजणं चालूच. पण तोवर माइक दुसऱ्याच्या हातात गेला होता आणि अडवून लावलेल्या एका पांढऱ्या गाडीचा नंबर पुकारला जात होता. त्यांच्या कपाटात अशा सात-आठ शाली होत्या. सिंगापूरच्या हवेत. रेडिओवालेसुद्धा नेमकी तिथेच जाहिरात घुसवत.

मी एकदा म्हटलं, "साडूभाऊ, मग ती सीडीच लावा ना एकदा शेवटपर्यंत."

"छे," ते म्हणाले. "मेजवानीचा फोटो बघून कोणाचं पोट भरलंय? समोर बसून ऐकायचं ते. एकदा, फक्त एकदा, मला ते माणसांसमोर पूर्ण म्हणायचंय. मग मला नोकरीवरून काढलं तरी चालेल."

घरीही तीच तऱ्हा. रोज सकाळी आंघोळीच्या वेळी ते गायला लागत, आणि गाणं त्या शांततेपाशी आलं रे आलं, की बाहेरून ताईंची हाक येई, "झालं का? निघा मग, मला ऑफिस आहे." मुलगी शाळेत जाणारी, इथेच जन्मलेली. तिने तर वडिलांचं गाणं सुरू झालं की स्वतःच्या खोलीचं दार लावून घ्यायचं, हा नियमच केला होता. "पप्पा, प्लीज लाह, द होल ब्लॉक कॅन हिअर," एवढंच ती म्हणे, इथल्या पोरांसारखा मध्येच 'लाह' घालून.

ब्लॉक, म्हणजे अख्खी इमारत, खरंच ऐकत होता. भिंतीपलीकडे एक मलाय टॅक्सीवाले राहत; मलायमध्ये काकांना म्हणतात तसं सगळे त्यांना पाकचिक म्हणत. त्यांच्या मुलीचं लग्न निघालं. आमच्या सिंगापुरातल्या सरकारी इमारतींना तळमजल्यावर घरं नसतात, नुसते खांब आणि मोकळी जागा असते. तिला व्हॉइड डेक म्हणतात, आणि मलाय लग्नं तिथेच होतात: झिरमिळ्यांचे मांडव, घंगाळाएवढी पातेली, आणि सकाळपासून संध्याकाळपर्यंत गाणं-बजावणं. पाहुणे आपल्या सवडीने येतात, जेवतात, जातात. आमच्या साडूंनी मात्र पत्रिकेतली अकराची वेळ म्हणजे मुहूर्त समजून पावणेअकरालाच आम्हा सगळ्यांना सहकुटुंब पहिल्या रांगेत नेऊन बसवलं. सोबत स्टीलचा डिनर सेट. नवरा-नवरी उगवले दीडला. तोवर पाकचिकच्या बायकोने आमच्यासाठी वेगळा मागवलेला शाकाहारी भात आम्ही दोनदा जेवलो होतो.

वाजवणारे होते पाकचिकचे भाचे: खांद्यापर्यंत केस, काळे टीशर्ट, आणि त्या खांबांनाही हुडहुडी भरेल असे भोंगे. मलाय मंडळींचा रॉकवर किती जीव, हे मी त्या दिवशी पाहिलं. जेवण झालेला कोणीही पाहुणा उठायचा, ढेकर द्यायचा आणि माइक घ्यायचा. अचानक पाकचिक आमच्या रांगेपाशी आले आणि साडूंच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "ब्रदर, टुडे यू सिंग. सो मेनी इयर्स आय लिसन थ्रू द वॉल. एव्हरी मॉर्निंग नो एंडिंग, लाह. आय ड्राइव्ह होल डे, आय थिंक, व्हॉट हॅपन टू द सॉक?"

साडूंच्या चेहऱ्यावर जे आलं ते मी त्यांच्या लग्नाच्या फोटोंतही पाहिलं नव्हतं. त्यांची मुलगी खुर्चीतच खाली घसरली. ताई म्हणाल्या, "अहो, लोकांचं मंगलकार्य आहे." पण साडू गेले. ढोलवाल्याच्या कानात त्यांनी गाण्याचं नाव सांगताच त्या पोराचे डोळे असे लकाकले, जणू मुलीने होकार दिल्याची बातमीच त्याला दिली. साडू पुटपुटले. साडू ओरडले. दुसऱ्या धृपदाला केसाळ भाचे त्यांच्यासोबत ओरडायला लागले. तिसऱ्याला मागची तीन टेबलं उभी राहिली. समोरच्या ब्लॉकमधले लोक कठड्यांवर आले. शेवटची आरोळी तर अशी बसली, की तारेवर वाळत घातलेल्या चादरी सरळ मलेशियाच्या दिशेने फडफडल्या.

आणि मग शांतता आली.

शेजारी माझी बायको सवयीने टाळीला हात उचलत होती. ताईंनी झडप घालून तिचे दोन्ही हात धरले आणि स्वतःच्या मांडीवर दाबून ठेवले. पाकचिकनी पंजा वर केला. पातेल्यापाशी वाढणाऱ्या बाईंचा डाव हवेत थांबला. नवरी, नवरा, भाचे, शेदीडशे माणसं, कोणी हूं की चूं केलं नाही. नुसते पंखे फिरत होते. सगळ्यांना ते गाणं ठाऊक होतं, किंवा ठाऊक असलेल्यांकडे बघून कळत होतं. माइक छातीशी धरून साडू एका हाताने मांडीवर मात्रा मोजत होते. डोळे मिटलेले. सम आली, ढोलावर काठी पडली, आणि साडूंनी शेवटचं कडवं उचललं.

मोजा सापडतो. इतकी वर्षं आम्ही ज्याला विलाप समजत होतो, त्याच्या शेवटच्या कडव्यात तो मोजा त्या माणसाच्याच विजारीच्या पायात अडकलेला सापडतो, आणि तो आनंदाने वेडा होऊन जगातल्या सगळ्या जोडीदारांच्या नावाने गात सुटतो. लग्नाच्या मांडवात याहून मंगल काही म्हणता आलं नसतं. पाकचिक स्वतःच्या मांडीवर थापा मारत "इन द ट्राउझर, इन द ट्राउझर" करत डोळे पुसत होते. भाच्यांनी साडूंना खांद्यावर घेतलं. आणि त्यांची मुलगी खुर्चीवर उभी राहून, दोन बोटं तोंडात घालून शिट्टी मारत होती. ती शिट्टी ती कुठे शिकली, हे विचारायचं ताईंना त्या दिवशी सुचलं नाही.

त्यानंतर दोन-तीन वर्षं साडूंनी राज्य केलं. सेरंगूनपासून आंग मो किओपर्यंतच्या वस्त्यांत त्या भाच्यांचा बँड जिथे जाई तिथे 'सॉक अंकल' हवेतच. मंडळाची बोलावणी ते "त्या रविवारी लग्न आहे" म्हणून परत करत. मग भाच्यांची स्वतःची लग्नं झाली, नोकऱ्या लागल्या, केस कापले गेले. नवी पोरं आली, त्यांची गाणी नवी, आणि त्या गाण्यांमध्ये थांबायला कुठे जागाच नसते.

अजूनही खाली मांडव पडला की साडू इस्त्रीचा शर्ट घालून उतरतात आणि एका खांबाला टेकून उभे राहतात. मध्यंतरी मीही गेलो होतो. कोणीतरी कोवळा मुलगा घाबरत घाबरत गायला. गाणं संपलं, टाळ्या झाल्या, टाळ्याही संपल्या, माणसं पुन्हा ताटांकडे वळली. साडूंचे हात खालीच होते. त्यांची बोटं मांडीवर हलत होती. पुरेसं थांबून, याच्याकडे आता आणखी काही नाही अशी पूर्ण खात्री झाल्यावरच त्यांनी टाळ्या वाजवल्या, एकट्याने, आणि त्या मुलाने वळून पाहिलं.