विळी आणि नदीकाठची हाक

विळीनं माझ्या भाचीला तिच्या वाढदिवशी एक गोष्ट सांगितली आणि त्यानंतर कित्येक दिवस ती पोर एकटी न्हाणीघरात जाईना. बादलीतल्या पाण्यातून कुणीतरी हाक मारतं म्हणायची. माझी बहीण माझ्यावरच उखडली, असली माणसं घरी आणतेसच कशाला म्हणून. मी हे विळीच्या कानावर घातलं, तर बाईंचा चेहरा उजळला. "हाक ऐकू आली तिला? नक्की?" एवढंच विचारलं. पोर कशी आहे, ताप-बिप आला का, काही नाही.

तिचं खरं नाव सांगत नाही. छोट्या, घरच्या पैशांवर केलेल्या सिनेमांत ज्यांनी राबून पाहिलंय, त्यांना अशी एक तरी दिग्दर्शिका भेटलेलीच असते. विळी हे नाव आमच्या युनिटनं ठेवलं होतं आणि तिला ते माहीत होतं. "बरोबर आहे," ती म्हणायची. "सुरी माणसाच्या अंगावर जाते. विळी जागची हलत नाही. तुम्हीच आपल्या पायांनी येता कापून घ्यायला." आता यावर काय बोलणार? मी परळची, आवाजाचं काम करते. पुन्हा तुमचं तोंड पाहणार नाही, असं सांगून मी कितीदा तरी तिच्या घरून निघाले आणि चार दिवसांनी माइकची पेटी घेऊन पुन्हा हजर. ती मला नावानं बोलवत नसे. "ए परळ, पंखा बंद कर," असं सगळं.

घर ठाकूरद्वारला, माहेरचं. जुनं मुंबईकर घराणं, पणजोबा कचेरीत हेडक्लार्क, भिंतीवर पगड्यांचे फोटो. त्या घरात विळीनं आसामी नवरा आणला. तो भला माणूस अवेळी गेला आणि त्याची आई विळीच्या पदरी राहिली. नातेवाईक म्हणाले, म्हातारीला गावी पाठव. विळी म्हणाली, "कुठल्या गावी? तिचं गाव नदीनं खाल्लं." ते खरंच होतं. ब्रह्मपुत्रा काठ कापत कापत आली होती आणि म्हातारीचं घर, सुपारीची झाडं, शेजारीपाजारी सगळं पोटात घेऊन गेली होती.

दोघींचं म्हणजे साप-मुंगूस. विळीला म्हातारीचं सुपारी चघळणं खपत नसे, म्हातारीला विळीचं कोलंबीचं सुकं, ते खडखडलं, फार मसालेदार लागे. म्हातारी मराठी शिकली होती, पण आसामीत क्रियापदाला पुरुष-बाई असा फरक नसल्यामुळे तिच्या मराठीत सगळेच पुरुष. "सून आला," "कामवाली गेला." विळी तिला रीतसर "अहो आई" म्हणे आणि म्हातारी उलट तिलाच "आई" म्हणे. "चिडवते मला," विळी म्हणायची. "मी आई म्हटलं की वाकुल्या दाखवल्यासारखं तीच मला आई म्हणते." आसामीतही आईला आईच म्हणतात, एवढं तिला ठाऊक होतं. त्यापुढं चौकशी करायची तिला कधी गरज वाटली नाही.

सिनेमा निघाला तो म्हातारीच्या गोष्टींतून. काय गोष्टी होत्या एकेक! सासू सुनेला तिच्याच केसांचं वस्त्र विणायला लावते. भाऊ वाघाशी सोयरीक करून बहिणीला जंगलात सोडून येतो. शेवटची सगळ्यांत वाईट. पुराचं वर्ष आहे, घरात दाणा नाही. पाण्यात मासे धरायचा सापळा लावलाय, पाणी चढलंय, आणि आई मुलीला सांगते, जा, सापळा काढून आण. मुलगी परत येणार नाही हे आईला पाठवतानाच कळलेलं असतं. सापळा तेवढा वाहत काठाला लागतो, आत एक मासा. आई तो मासा खाते. आणि मग रोज संध्याकाळी नदीवर हाक ऐकू येते, "आई, ओ आई." म्हातारी ही हाक अशी मारायची की माझ्यासारखीच्या अंगावर काटा यायचा. आणि मी तर दिवसभर कानात माणसांचे आवाजच घालून बसलेली.

पैसे लावायला आलेल्या एका भल्या गृहस्थांनी सुचवलं, शेवट जरा हलका करा, मुलगी पक्षी होऊन उडून गेली असं दाखवा. विळी म्हणाली, "भुकेल्या बाईची गोष्ट आहे. मुलगी पक्षी झाली असती तर आईनं तोही खाल्ला असता." ते गृहस्थ पुन्हा फिरकले नाहीत. तिचा नियम एकच. गोष्ट सांगताना दया येत असेल तर गप्प बसावं.

तिनं त्या हाकेचं भूत केलं. मुलगी पाण्यातून आईला बोलावते, बोलावून बोलावून वेडी करते आणि शेवटी आई पाण्यात शिरते. हाकेसाठी माटुंग्याची एक गोड कॉलेजकन्या बोलावली. ठाकूरद्वारच्या आतल्या खोलीत आवाज घुमू नये म्हणून चारी बाजूंनी गाद्या उभ्या करून मी माइक लावला. विळीनं त्या मुलीकडून दुपारभर एकच शब्द म्हणून घेतला. पोरीचा घसा बसला तरी, "अजून नाटक वाटतंय." मग शांतपणे म्हणाली, "तुझी आई बाहेर बसलीय ना? ती आत्ता गेली असं समज." मुलगी ढसाढसा रडली आणि रडता रडता हाक मारली. विळीनं माझ्याकडे पाहून मान डोलावली. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण खोटं कशाला बोलू, हाक सुरेख आली होती.

इकडे म्हातारीचे डोळे जात होते. काचबिंदू. डॉक्टरांनी सांगितलं, गेलं ते परत येणार नाही, उरलंय तेही टिकणार नाही. म्हातारीची एकच इच्छा होती, नजर जाण्याआधी आपली नदी डोळ्यांनी पाहायची. आमच्याकडे नदीच नदी होती, तिकडून चित्रित करून आणलेली. मी म्हटलं, ताई, दाखवून टाका ना. "कच्चं मी कुणाला दाखवत नाही," विळी म्हणाली. महिने गेले. म्हातारी भिंतीला हात लावून चालू लागली, तरी हिचं आपलं कापणं-जोडणं चालूच. माझी अशी चिडचिड व्हायची की काय सांगू. दगडाला पाझर फुटतो म्हणतात, तो दगड वेगळा असणार.

शेवटी एका दुपारी दाखवलं. म्हातारी संगणकाच्या पडद्याला नाक टेकवून बसली. नदी आली तशी तिनं हात लावला, काचेवरून बोटं फिरवली, आपल्या भाषेत कुठल्या कुठल्या घाटांची नावं घेतली. मी डोळे पुसत होते. मग हाक आली.

"हा कोण ओरडतो?" म्हातारीनं विचारलं.

"मुलगी," विळी म्हणाली. "पाण्यातून."

"मुलगी कसा ओरडणार? तो तर मेला. आई ओरडतो. मुलीला."

"मुलीला कुणी आई म्हणतं का?"

म्हातारी तिच्याकडे वळली. दिसत तर नव्हतंच फारसं. "मग मी तुला काय म्हणतो?"

तेव्हा मला उमगलं. आमच्या मालवणीत आजी नातीला "बाय" म्हणते आणि नात आजीलाही "बाय"च म्हणते, तसंच हे. लाडक्या लेकीला तिकडे आई म्हणतात. म्हणजे गोष्टीत भूत नव्हतंच. सूड नाही, शिक्षा नाही. आई मासा खाऊन रोज काठावर येते, लेकीला हाक मारते आणि कुणी ओ देत नाही, एवढंच. आणि या घरात इतकी वर्षं म्हातारी सुनेला लेक म्हणत होती आणि सून फणकारत होती.

विळीनं डोळ्यांतून टिपूस काढलं नाही. भुताचा सगळा भाग कापून फेकला, वर्षाची मेहनत. नव्या शेवटासाठी हाक हवी होती ती म्हातारीचीच. तोवर तिला उजेड आणि अंधार एवढंच कळत होतं. गाद्या पुन्हा उभ्या राहिल्या. म्हातारी हाक मारी आणि विळी म्हणे, नाही, ही गोष्ट सांगितल्यासारखी वाटते. शेवटी म्हणाली, "अहो आई, मलाच हाक मारा."

"तू इथेच आहे," म्हातारी म्हणाली. "हाक कशाला?"

विळीनं मला खूण केली, चालू ठेव. आणि चपला हातात घेऊन बाहेर गेली, जिन्यात. मी गाद्यांच्या बाहेर, दाराशी बसून यंत्र चालू ठेवलं. म्हातारी बसली होती. थोड्या वेळानं तिनं हात पुढं करून चाचपलं. गादी लागली, माणूस लागेना. "आई?" म्हणाली. मग मोठ्यानं. मग तिला वाटलं असावं की आपल्याला कुठंतरी सोडून गेले. "आई... ओ आई..." ती हाक मी हेडफोनमधून ऐकली. वैऱ्याच्याही कानी पडू नये. दाराच्या फटीतून मला विळी दिसत होती. पदराचा बोळा तोंडात कोंबून ती जिन्यात उभी होती, आणि तिनं ओ दिली नाही. दिली असती तर टेक फुकट गेला असता.

ती आत आली तेव्हा म्हातारीनं तिचा चेहरा दोन्ही हातांनी चाचपला, ओळखला आणि एक सणसणीत थोबाडीत दिली. मग म्हणाली, "आता बरोबर झाला गोष्ट." विळी तिच्या मांडीवर डोकं ठेवून बसली. मी माइक बंद केला आणि घरी आले. ती बाई मला त्या दिवशी नको झाली होती आणि तिला सोडून जावंसंही वाटत नव्हतं.

सिनेमा पुरा व्हायच्या आत म्हातारी गेली. दादरला एका छोट्या सभागृहात पहिला खेळ लागला. शेवट जवळ आला तशी विळी उठून बाहेर गेली. मीही मागोमाग गेले. ती पायऱ्यांपाशी कठड्याला धरून उभी होती. आतून, बंद दारातून, हाक आली. पुन्हा आली.

"ओ," विळी म्हणाली. हळूच, जशी घरात देतात तशी.

मी तिच्या खांद्यावर हात ठेवला, तो तिनं झटकला. "आवाज चढा लागलाय, परळ," म्हणाली. "आत जाऊन कमी कर."

मी बरं म्हटलं, आत गेले आणि मागच्या खुर्चीत बसून राहिले. आवाज कमी केला नाही.