चांद्याचा परकोट आणि माझी एका दिवसाची फेरी

किस्से मोहफुलासारखे असतात. कोणी झाड हलवत नाही, पण सकाळी पाहावं तर खाली सडा! आपण फक्त टोपली घेऊन वाकायचं. माझी टोपली भरली चांद्यात, पन्नास सालानंतरच्या दिवसांत. तेव्हा चंद्रपूरला सगळे चांदाच म्हणायचे आणि मी तिथला गाइड होतो. आता पाय गेलेत, तोंड शाबूत आहे. बसा.

माझं शिक्षण चौथी. तीसुद्धा दोनदा, म्हणजे तसं पाहिलं तर आठवी! लाकडाच्या टालावर करवत ओढत होतो. एकदा डाकबंगल्यात उतरलेल्या पाहुण्यानं विचारलं, "हे गोंड राजांचं जुनं शहर दाखवणारं कोणी आहे का?" मी हातातली करवत खाली ठेवली, ती ठेवलीच.

रहमानभाईचा टांगा, त्याची घोडी चमेली आणि माझं तोंड, असा आमचा कारखाना. जटपुरा दरवाज्यापाशी टांगा उभा करायचा आणि सुरू व्हायचं, "साहेब, इथी सशानं कुत्र्याचा पाठलाग केला. राजानं पाह्यलं आन् म्हणाला, ज्या मातीत ससा कुत्र्याले पळवते, तिथी आपलं गाव! ससा जसा जसा पळाला, तसा तसा हा कोट बांधला. म्हणून एवढा वाकडा हाये."

एवढी गोष्ट गावातल्या सगळ्यांनाच ठाऊक. पुढची माझी. सशाचं नाव, कुत्र्याचं नाव, कुत्र्याच्या सासुरवाडीचं गाव! एकदा मागून आवाज आला, "कुत्र्याच्या सासुरवाडीला आधार काय?"

हे मास्तर. पुण्याकडून बदलून आलेले, बारा महिने छत्री. शाळा सुटली की, आणि सुट्टीला सकाळपासूनच, तेही पाहुण्यांना शहर दाखवायचे, हौसेनं. त्यांना गोंड राजांच्या सगळ्या पिढ्या पाठ होत्या आणि एकही राजा वगळणं म्हणजे त्यांच्या मते खून!

आमचं भांडण डाकबंगल्याच्या व्हरांड्यात पोचलं. तिथले साहेब कंटाळले. म्हणाले, "पाहुण्याला एक दिवस असतो. चार दरवाजे, पाच खिडक्या, सगळा परकोट फिरवून जो दिवस बुडायच्या आत त्याला जटपुऱ्याबाहेर आणेल, तो इथला गाइड. दुसऱ्यानं पुन्हा इथं दिसायचं नाही. होळीपर्यंत मुदत. एकाच्या फेरीला दुसरा साक्षी."

घरी सांगितलं तर बायको म्हणाली, "टालवाला बोलावूनच राह्यला. करवत घासून ठेवू का?"

मी म्हटलं, "ठेव. दारामागं ठेव. दिसली नाई पाह्यजे!"

*

पहिली पाळी मास्तरांची. नागपूरचे एक वकील आणि त्यांची बायको. सकाळी आठला जटपुऱ्यापाशी सुरुवात. मी साक्षी म्हणून शेजारी बिडी ओढत.

दहा वाजता पहिला राजा संपला. बारा वाजता तिसरा राजा गादीवर बसत होता आणि आम्ही अजून त्याच दरवाज्याच्या सावलीत! वकिलीणबाई भाजी घ्यायला निघून गेल्या. वकीलसाहेब चमेलीच्या गवतावर टेकले, मग आडवे झाले, मग घोरायला लागले.

मी हळूच म्हटलं, "मास्तर, पाहुणा झोपला."

मास्तर म्हणाले, "झोपू द्या. इतिहास जागा आहे!"

*

मग माझी पाळी. मुंबईचे एक साहेब, गळ्यात कॅमेरा. मी ठरवलं होतं, आज फेरी पुरी म्हणजे पुरी. जटपुरा झाला, बिनबा दरवाज्याला दहालाच पोचलो. तिथं कमानीत एक म्हैस बसलेली.

साहेब म्हणाले, "फक्त दरवाजा हवा. म्हैस नको."

म्हशीची मालकीण आली. मी म्हटलं, "बाई, हटव ना हिले, फोटो काढाचा हाये."

"काऊन? दगडाचा काढते आन् माह्या म्हशीचा नाई? ते दूध देते, तुह्या दगडानं काय देलं? पहिले तिचा काढा, मंग हटवतो!"

साहेब भला माणूस. काढला. आणि तिथंच घात झाला. बातमी मोहल्ल्यात गेली आणि बायका आपापल्या म्हशी धुऊन, शिंगांना तेल लावून घेऊन आल्या! एकीनं तर रेड्याला हार घातला होता. साहेबांच्या पेटीतली फिल्म संपली, तेव्हा सूर्य बुडाला होता आणि दरवाज्याचा एकही फोटो निघाला नव्हता.

मास्तरांनी साक्ष लिहून दिली, "आज म्हशींचा इतिहास झाला."

*

आमच्या परकोटाच्या खिडक्या म्हणजे कोटातली लहान दारंच. त्यातली एक मसाण खिडकी. प्रेत बाहेर न्यायचं ते तिथून. गावची रीत अशी, की त्या खिडकीतून गेलेला त्याच खिडकीतून आत येत नाही. खांदेकरीसुद्धा दुसरीकडून वळसा घालून येतात.

एक रिटायर्ड जज्जसाहेब आले होते. मी पठाणपुऱ्यात पाणी प्यायला थांबलो, तेवढ्यात हे कोट पाहत पाहत मसाण खिडकीतून बाहेर! आणि परत फिरले तर खिडकीत तीन म्हाताऱ्या आडव्या.

"इकून नाई येता येत, बापा. गेला तो गेला."

जज्जसाहेब म्हणाले, "अहो, मी फक्त पाहायला गेलो होतो."

"पाह्याले काय, कशाले काय. दुसऱ्या दरवाज्यानं ये. आन् पहिले नदीवर आंघोळ कर."

जज्जसाहेबांचा चेहरा लाल झाला. आयुष्यभर ज्यांनी निकाल दिला ते ओरडले, "मी जिवंत आहे!"

त्यातली सगळ्यात थोरली म्हातारी शांतपणे म्हणाली, "सारे तसंच म्हणते."

उन्हात कोटाला वळसा घालून आले, रहमानभाईच्या चुलत्याच्या खाटेवर पडले आणि दिवेलागणीलाच उठले. जाताना मला म्हणाले, "तुमचं शहर फार कडक आहे." आंघोळ मात्र केली होती!

*

मास्तरांनाही आता जोर चढला होता. ते राजे भराभर सांगायची सवय करू लागले. एकदा तर तीन दरवाजे गाठले! मला घाम फुटला. म्हणून मी थोडी गंमत केली.

माझा साळा सिंदेवाहीला धानाच्या बांधीत राबणारा. त्याला बोलावलं, कोणाचा तरी कोट घातला, डोळ्यांवर चष्मा लावला आणि सांगितलं, "तू कलकत्त्याचा बाबू. मास्तर काही बोलले का येस म्हणाचं आन् मान हालवाची. काही झालं तं पुढं चालाचं नाई."

साळा गेला. येस म्हणाला. मास्तरांना जन्मात पहिल्यांदा असा श्रोता मिळालेला. ऐकतो, मान हलवतो, भाजी घ्यायला जात नाही! त्या दिवशी मास्तर जटपुऱ्याची कमानसुद्धा ओलांडू शकले नाहीत. साक्ष आटोपून मी घरी आलो तो पोट धरून हसतच.

साळा परतला. मी विचारलं, "कसं झालं?"

कोट काढत तो म्हणाला, "भाऊजी, मास्तरनं उद्या अजून बोलावलं."

"उद्या कायले? काम झालं ना!"

"मी जाऊन राह्यलो. पाचव्या राजाच्या राणीचं काय झालं ते रायलं ना!"

*

माघात एक डॉक्टर आले. माणूस चपळ, म्हटलं आज जमलंच. पण रहमानभाईला ताप होता, म्हणून लगाम मी धरला. चमेलीला वाटलं, मालक नाही तर आपणच मालक. ती रहमानभाईच्या मामाच्या दारात थांबली. चहा. मग आत्याच्या. चहा. मग व्याह्याच्या, मग व्याह्याच्या व्याह्याच्या!

एकाही दारातून चहा घेतल्याशिवाय सुटका नाही आणि तो संपल्याशिवाय चमेली हलत नाही. दिवस मावळताना डॉक्टर म्हणाले, "फेरी छान झाली हो. पण तो परकोट कुठं लागतो?"

*

होळी उद्यावर आली. पळस पेटलेला, ऊन तापलेलं आणि फेरी ना माझी झालेली ना मास्तरांची. शेवटची पाळी माझी होती. पाहुणा कुठून आणू? बायको दाराआडच्या करवतीकडे पाहायची आणि मी तिच्याकडे पाहायचो नाही.

सकाळी जटपुऱ्यापाशी एक म्हातारा उभा. कमरेला पंचा, खांद्यावर घोंगडी, हातात काठी. धानोऱ्याच्या जंगलातला गोंड. मूल गावापर्यंत पायी आणि पुढे गाडीनं आलेला. नाव लालसू.

मी विचारलं, "आजा, कोणाकडं जाचं हाये?"

"राजाकडं. मराच्या आंधी एकडाव राजाचं गाव पाह्यचं होतं. सारं. कोणी दाखवते का?"

मी तर त्याला उचलूनच टांग्यात ठेवणार होतो! पण लालसू आजानं कमानीत वाकून वहाणा काढल्या, काखेत धरल्या.

"बस ना, आजा."

"राजाच्या दारात बसून जात नाई."

रहमानभाई माझ्या कानात म्हणाला, "गया तेरा काम, पुंडलिकभाऊ. ये बुढा पैदल घुमेगा पूरा कोट?"

घुमला! पुढे म्हातारा, मागे मी, त्याच्या मागे रिकामा टांगा. प्रत्येक दरवाज्याला कमरेच्या पिशवीतून चिमूटभर तांदूळ ठेवायचा, "जोहार" म्हणायचा, पुढे निघायचा. बिनबा दरवाज्यात आज म्हैस नव्हती. असती तरी ती उठली असती असं वाटतं.

मी सवयीनं सशाची गोष्ट सुरू केली. आजा म्हणाला, "आमच्यात येगळं सांगते."

"काय सांगते?"

"ते चालता चालता नाई सांगत."

माझं तोंड त्या दिवशी पहिल्यांदा बंद झालं. पाच खिडक्या झाल्या. पठाणपुरा झाला. दुपार टळली. तापलेल्या फुफाट्यानं आजाच्या टाचा फुटल्या होत्या, एका पायातून रक्त येत होतं. मी म्हटलं, "वहाणा घाल, राजा काही म्हणत नाई." त्यानं ऐकलं नाही. अंचलेश्वर दरवाज्याजवळच्या राजांच्या समाध्यांपाशी मात्र तो खाली बसला आणि बोलत राहिला, अगदी घरच्याशी बोलावं तसं. अवंदा मोहफूल चांगलं आलं, अमकी मेली, तमक्याला लेक झाली, वाघानं गोऱ्हा नेला. मग उठला, म्हणाला, "चाल."

जटपुऱ्याला परत आलो तेव्हा सूर्य कोटावर हातभर होता. कमानीच्या बाहेर मास्तर छत्री घेऊन साक्षीला उभे. दहा पावलं!

कमानीत आल्यावर लालसू आजा शहराकडे तोंड करून फिरला. हात जोडले. "येतो, राजा."

आणि उभाच राहिला.

मी म्हटलं, "चाल ना, आजा!"

"घरच्यानं ये म्हटल्याबिगर निघत नाई."

"ये, आजा, ये! मी म्हणतो ना!"

"तू घरचा नोहोस."

रहमानभाई पुढे आला, "मैं बोल देता हूँ..."

"तू बी नोहोस."

सूर्य चार बोटं उरला. मी रडकुंडीला आलो. "अरे आजा, राजे जाऊन किती पिढ्या झाल्या!"

"किती?" आजानं विचारलं.

मला कुठं ठाऊक! कमानीबाहेरून मास्तरांचा आवाज आला, "मला ठाऊक आहे."

म्हाताऱ्यानं वळून त्यांना नीट पाहिलं. "तुले पिढ्या येते?"

"येतात. सगळ्या."

"मंग तू राजाचा परधान. आमच्यात पिढ्या सांगते तो परधान. परधानानं ये म्हटलं का राजानंच म्हटलं." आणि आजा कमानीत मांडी घालून बसला. "सांग. पहिल्यापासून सांग, मंग ये म्हण."

मी कपाळावर हात मारला. संपलं! मला हरवायला मास्तरांना आता काहीही करायचं नव्हतं. फक्त नेहमीसारखं बोलायचं होतं.

मास्तर आत आले. छत्री मिटली. खाकरले. पहिला राजा घेतला, त्याचं राज्य, त्याची राणी. दुसरा राजा घेतला. कोटाच्या कंगोऱ्याला सूर्य टेकला. मास्तरांनी तिसऱ्या राजाचं नाव उच्चारलं आणि थांबले. त्यांची नजर खाली गेली होती, आजाच्या फुटलेल्या टाचांवर.

"आणि मग," मास्तर म्हणाले, "शेवटचा राजा. या, आजोबा. या."

लालसू आजानं त्यांच्या पायांशी उरलेले तांदूळ ठेवले, काठी टेकून उठला आणि कमानीबाहेर पडला. वहाणा घातल्या. कोटाच्या कडेला अजून नखाएवढा सूर्य शिल्लक होता.

मी मास्तरांच्या जवळ गेलो. "मास्तर, मधले सारे राजे कुठी गेले?"

मास्तरांनी पुन्हा छत्री उघडली.

"फिराले गेले," ते म्हणाले. "तू गाइड ना आता? दाखव त्याईले गाव!"