खडूचं दार

दीनाबाई आमच्या दारात उभ्या राहिल्या तेव्हा सकाळचे अकरा वाजले असतील. सुट्टीचा दिवस होता, मी डाळ निवडत बसले होते. त्यांचं पोलकं गळ्यापाशी चार बोटं फाटलेलं दिसलं. एवढी टापटिपीची बाई, जिच्या पदराची घडी कधी विस्कटलेली पाहिली नाही, म्हणून मी सहज म्हटलं, "अहो, पोलकं उसवलंय तुमचं. पिन देऊ का?" त्या म्हणाल्या, "उसवलं नाही गं, फाडलंय. बेनजी गेला." त्यांच्यात सख्खं माणूस गेलं की अंगावरचं वस्त्र फाडतात. हे मला ठाऊक होतं, लहानपणापासून मी त्यांच्या शेजारच्या आळीत राहते. तरीही माझा हात पिनांच्या डबीकडे गेलाच होता... पहाटे इस्राएलहून बेनजीसरांच्या मुलीचा फोन आला होता. सर तिकडेच गेले, तिकडेच त्यांना पुरलं. दीनाबाई त्यांची धाकटी बहीण. खुर्ची दिली तरी बसल्या नाहीत, जमिनीवर बसल्या, आणि माझ्यापुढची डाळ निवडू लागल्या.

पनवेलबाहेरच्या वाचकांना बेनजीसरांचं नाव माहीत असण्याचं कारण नाही. त्यांनी सिनेमात काम केलं नाही, त्यांचा फोटो कधी छापून आला नाही. आमचे आजोबा ज्यांना शनिवार तेली म्हणायचे, त्या बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या ज्यू समाजात, पनवेलातच ते जन्मले. गणपतीच्या मेळ्यांतून बायकांची कामं करत मोठे झाले, मग मुंबईच्या एका नाटक कंपनीबरोबर गावोगाव हिंडले, आणि तिशीच्या आत बायकोसह इस्राएलला गेले. तिथे वाळवंटातल्या एका नव्या गावात दिवसा कापडगिरणीत काम आणि संध्याकाळी आपल्या लोकांना जमवून मराठी नाटकं, असं बरीच वर्षं चाललं. पुढे तिथल्याच शाळेत मुलांना नाटक शिकवण्याची नोकरी मिळाली. मुलं त्यांच्या बोलण्याची नक्कल करून हसायची. सरांनी काय करावं, तर वर्गात नक्कल हाच धडा ठेवला आणि जो सरांची नक्कल सर्वांत बेमालूम करील त्याला नाटकातलं मोठं काम दिलं. बायको वारली, मुलगी लग्न होऊन गेली, आणि अठ्ठ्याऐंशीच्या सुमाराला एक पत्र्याची पेटी घेऊन ते पनवेलला बहिणीकडे परत आले. पण त्यांचा पासपोर्ट तिकडचा होता. त्यामुळे ज्या गावात त्यांची नाळ पुरली होती, तिथे राहायची मुदत वाढवून घ्यायला त्यांना कागद घेऊन पोलिसांकडे खेटे घालावे लागायचे. तिथून आले की म्हणायचे, "तिकडे मी भारतीय, इकडे परदेशी नागरिक. नटाला काय, दोन्ही कामं मिळतात." आम्ही हसायचो. मीसुद्धा हसायचे.

मी तेव्हा पंचविशीतली, बँकेत नवी लागलेली, आणि हौशी नाट्यमंडळाची चिटणीस. मंडळ म्हणजे कोण, तर दोन शिक्षक, मी, आणि तळोज्याच्या कारखान्यांतले चार कामगार. त्यांच्या पाळ्या बघून तालमी ठरायच्या. सरांनी पहिल्या दिवशी शाळेच्या हॉलमध्ये येऊन खिशातून खडू काढला, गुडघ्यांवर बसून फरशीवर अख्खं घर आखलं. इथे भिंत, इथे खिडकी, इथे दार. मग म्हणाले, "आता भिंतीतून कोणी यायचं नाही." आम्हाला ती गंमत वाटली. पण चहाला जायचं असलं तरी त्या खडूच्या दारातूनच जावं लागे, आणि विसरून कोणी रेघ ओलांडली तर सर कळवळून म्हणत, "अरे, डोकं फुटलं ना तुझं." त्यांचं मराठी तीस वर्षांपूर्वीच्या पनवेलचं होतं. आम्ही टाकून दिलेले शब्द त्यांनी तिकडे जपून ठेवले होते. ते स्वतः त्या खडूच्या दारातून आत-बाहेर करताना उजवा हात उचलून हवेतच बोटं टेकवायचे आणि ती ओठांना लावायचे. त्यांच्या घरांच्या चौकटीला एक लहानशी नळी बसवलेली असते, तिच्यात प्रार्थनेचा कागद. येताजाता तिला असा हात लावतात. फरशीवरच्या दोन रेघांना चौकट कुठली? पण त्यांना ती दिसायची. नट म्हणजे काय हे मला नाट्यशिबिरांतून जेवढं कळलं नाही, तेवढं त्या हातावरून कळलं.

रविवारी सकाळी ते मुलांना शिकवायचे. नव्या कॉलन्यांतली, बँक-बाबू लोकांची मुलं, आणि वीटभट्टीवरच्या दोन कातकरी मुली, ज्यांना ते स्वतः जाऊन घेऊन यायचे. एकदा प्रत्येकाच्या डोक्यावर नसलेली घागर ठेवून चालायला लावलं. कॉलन्यांतली मुलं ऐटीत गेली. त्या दोघींतली धाकटी मात्र मान ताठ ठेवून, एक हात वर, पायाखालचं न बघता हळूहळू गेली आणि पोचल्यावर गुडघे वाकवून घागर उतरवली. सर म्हणाले, "बघा, हिच्याच घागरीत पाणी होतं." एक आई माझ्याकडे कुरकुर करत आली होती की, आमच्या मुलांना यांच्याबरोबर कशाला. तिला मी चांगलं फैलावर घेतलं. माझी जीभ पहिल्यापासून तिखट. आई म्हणायची, हिला बोलायला कोणी शिकवलं नाही, ऐकायला तेवढं कोणीतरी शिकवा.

ती जीभ मला नडली. एक्याण्णवच्या हिवाळ्यात जिल्ह्याची स्पर्धा पनवेललाच, त्याच हॉलमध्ये होती आणि आम्ही असं नाटक घेतलं होतं ज्यात म्हाताऱ्या आजोबांचं काम मुख्य. ते सरांनी करायचं ठरलं. पनवेलच्या रंगमंचावर ते तीस वर्षांनी उभे राहणार होते. तालमीत त्यांचं काम बघताना आमच्या चार कामगारांतला सगळ्यांत तोंडाळ होता तोसुद्धा आपलं वाक्य विसरायचा. एकदा ते मला म्हणाले, "सुलभा, एवढं एक काम इथे झालं ना, की मी परत आलो असं होईल." मग चिठ्ठ्या निघाल्या आणि आमचा प्रयोग आला शुक्रवारी संध्याकाळी सात वाजता. शुक्रवारी दिवेलागणीला त्यांचा शब्बाथ सुरू होतो. दुसऱ्या दिवशी सूर्य मावळेपर्यंत काम नाही, वाहन नाही, पैशाला हात नाही. दिवस बदलून घ्यायला मी दोन मंडळांच्या पाया पडले, कोणी तयार झालं नाही. सर म्हणाले, "दुसरा आजोबा उभा कर. मी त्याला शिकवतो." मी म्हटलं, एक दिवस, सर. फक्त एक संध्याकाळ. ते नुसते मान हलवत राहिले. कारण विचारलं तर म्हणाले, "नाही जमणार गं." आणि मग सगळ्यांसमोर मी बोलले, "बरोबर आहे. तुमचं काय जाणार? तुमच्याकडे परतीचं तिकीट आहे. तुम्ही इथले झालातच नाही कधी."

सरांनी खडू खिशात ठेवला, फरशीवरच्या दारातून बाहेर पडले. त्या दिवशी हात उचलला नाही.

दुसऱ्या दिवशी ते वेळेवर आले. मला हायसं वाटलं. घर आखलं, मग बाहेर जाऊन दाराशी उभे राहिले आणि माझ्याकडे बघून म्हणाले, "येऊ का आत?" बाकीचे हसले, त्यांना वाटलं सर नेहमीसारखी चेष्टा करताहेत. "या या सर, घर तुमचंच आहे," असं कोणीतरी म्हणालं. मी वहीत डोकं घातलं. "या" एवढाच शब्द होता. तो माझ्या तोंडून निघाला नाही, कारण तो म्हटला असता तर कालचंही बोलावं लागलं असतं.

प्रयोग झाला. आजोबांचं काम आमच्या एका शिक्षकांनी केलं, सरांनी शिकवलेल्या प्रत्येक हातवाऱ्यासकट, आणि आम्हाला उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं. चार-पाच दिवसांनी हॉलबाहेरचा चहावाला मला म्हणाला, "ताई, तुमचे मास्तर त्या दिवशी खिडकीशी उभे व्हते. चालत आले व्हते. मी बोललो, आत जावा, तं बोलले, पास नाय. मी बोललो, तिकीट काढा, तं बोलले, आज पैशाला हात लावत नाय. चाय दिली, ती पन घेतली नाय. नाटक सरंपरेंत उभेच." दारावरच्या स्वयंसेवकाने त्यांना ओळखलं नव्हतं. आणि पास वाटण्याचं काम माझं होतं. सर येणारच नाहीत असं धरून मी त्यांच्या नावाचा पास काढलाच नव्हता.

यानंतर ते पाच वर्षं इथे होते. आमच्यात काही बिघडलं असं कोणी म्हणालं नसतं. त्यांनी मला दिग्दर्शन शिकवलं, माझ्या लग्नात जेवले, माझ्या मुलीचं बारसं झालं तेव्हा त्यांच्यातल्या मलिद्याचं, गोड पोह्यांचं ताट घेऊन आले. फक्त प्रत्येक तालमीला त्या खडूच्या दाराशी थांबून विचारायचे, "येऊ का आत?" आणि दुसरं कोणीतरी या म्हणेपर्यंत थांबायचे. मी रोज ठरवायचे, आज बोलू. मग वाटायचं, ते विसरले असतील, आपणच कशाला खपली काढा. शहाण्णवला त्यांच्या छातीत दुखू लागलं, मुलगी येऊन त्यांना घेऊन गेली. निघताना दीनाबाईंना त्यांनी कब्रस्तानात आईशेजारची जागा दाखवून ठेवली होती. "मी आलो की इथे," म्हणाले होते. परत येऊन राहायच्या मुदतीचा नवा अर्ज केला होता, त्याचं उत्तर अजून आलेलं नाही.

त्या सकाळी डाळ निवडता निवडता दीनाबाईंना मी सगळं सांगितलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा, आणि चुकीच्या माणसाला. त्या म्हणाल्या, "त्याने तुला सांगितलं नाही होय? आमची आई गेली तो शुक्रवार होता. मुंबईला त्याचा प्रयोग होता. ती नको म्हणत होती, हा गेला. निरोप पोचला तेव्हा तोंडाला रंग तसाच घेऊन आला. तेव्हापासून शुक्रवारी नाही म्हणजे नाही." मी विचारलं, मला का नाही सांगितलं? "सांगितलं असतं तर तू गप्प बसली असतीस," त्या म्हणाल्या, "त्याला हवं होतं, तू न सांगता समजून घ्यावंस." मग निवडलेली डाळ माझ्यापुढे सरकवून त्या गेल्या. मला तिथेच रडू फुटलं.

याला आता दीड महिना झाला. रविवारचा मुलांचा वर्ग मीच घेते, त्याच हॉलमध्ये. फरशीवर घर आखते. आमच्या मंडळात एक रीत पडली आहे. खडूच्या दाराशी थांबायचं, "येऊ का आत?" विचारायचं, आतल्याने या म्हटल्याशिवाय पाऊल टाकायचं नाही. सरांचं बघून मुलांनी उचलली, त्यांचं बघून नव्या मुलांनी. सगळ्यांना वाटतं ती शिस्त आहे. एका पालकाने तर माझं कौतुक केलं, मुलांना किती छान वळण लावलंत म्हणून. ते वळण कशामुळे लागलं हे मी दीनाबाईंखेरीज आजवर कोणाला सांगितलं नव्हतं, इथे पहिल्यांदा लिहिते आहे.

बातमी आल्यानंतरच्या पहिल्या रविवारी मी आत उभी होते आणि मुलं एकेक करून दाराशी येत होती. येऊ का आत, बाई? ये. येऊ का आत? ये गं. सतरा मुलं आत आली. शेवटची मुलगी आत येऊन बसली तरी मी दाराकडेच बघत होते. मग म्हटलं, "या, सर." मुलांनी माना वळवून पाहिलं. कोणी नव्हतं. सगळी मुलं थोडी मागे सरकली आणि त्यांनी दारापासून आतपर्यंत वाट करून दिली.