पाव्हण्यानं दाखवलेली पांढरी गाडी

ती घटना आठवली की आजही माझं डोकं फिरतं. निवृत्त झालो, बीपीची गोळी रोज घेतो, बायको म्हणते आता सोडा तो विषय. पण विषय मला सोडत नाही. खून पाहिले, दरोडे पाहिले, त्यातल्या कित्येक आरोपींची तोंडंही आता आठवत नाहीत. या प्रकरणात कुणी चाकू काढला नाही, कुणी शिवी दिली नाही. तरी एक बाई जिवानिशी गेली, आणि मी आधी चुकीच्या माणसावर ओरडलो. नावं कुणाचीच घेणार नाही. काहींची लाज राखायची म्हणून, आणि काहींची नावं तोंडात घ्यायची लायकी नाही म्हणून.

मी तेव्हा जालना रोडवरच्या एका ठाण्याचा प्रभारी होतो. सकाळची हजेरी नुकतीच झाली होती. ठाणे अंमलदार फोन ठेवत म्हणाला, "साहेब, करमाडच्या पुढं कार कठड्याला धडकली. बाई सीरियस आहे." आम्ही पोचलो तेव्हा बाईंना दवाखान्यात हलवलं होतं. छोटी पांढरी सेडान होती, घरगुती गाडी असते तशी. डावीकडचा पुढचा भाग पुलाच्या कठड्यावर दाबला गेला होता. काच तडकलेली, पण छत शाबूत आणि आतली जागा बऱ्यापैकी शिल्लक. मी मनात म्हटलं, यातून माणूस वाचायला हरकत नव्हती. तेवढ्यात दवाखान्यातून निरोप आला की बाई गेल्या. बेल्ट लावलेला होता. डोकं डॅशबोर्डवर आपटलं होतं.

पंचनाम्यात मी स्वतः एक वाक्य लिहून घेतलं, 'दोन्ही एअरबॅग उघडलेल्या दिसून येत नाहीत.' पंचांच्या सह्या घेतल्या, वाहन क्रेनने ठाण्याच्या आवारात आणून लावलं आणि स्टेशन डायरीत नोंद केली. का उघडल्या नाहीत, हा प्रश्न मला पडला नाही. नोकरीत इतकी वर्षं घालवूनही पडला नाही. याचा राग मला आजही स्वतःवर येतो.

गाडी त्या बाईंचे पती चालवत होते. शेंद्र्याच्या एका कंपनीत क्वालिटी विभागात होते, राहायला सिडकोत. नवराबायको जालन्याला एका साखरपुड्याला निघाले होते. मुलगी बारावीची, क्लास होता म्हणून घरी राहिली. त्यांचं म्हणणं साधं होतं. दुभाजकाच्या फटीतून दुधाची मोटारसायकल आडवी आली, तिला वाचवायला गाडी डावीकडं घेतली. मोटारसायकलवाला पळून गेला होता, त्यामुळे या सांगण्याला तेव्हा कुणाचा आधार नव्हता.

दुसऱ्याच दिवशी बाईंचा भाऊ ठाण्यात आला. पैठणकडचा, बागायतदार घरातला, चार माणसांत वजन असलेला. टेबलावर हात आपटून म्हणाला, "साहेब, दाजीनं माझ्या बहिणीला मारलं. लई जोरात चालवतात ते. घरात भांडणं होती. ह्यो अपघात नाय." त्याची रीतसर फिर्याद घेतली आणि पतीवर गुन्हा दाखल झाला. तेराव्याच्या दिवशी त्यानं भाचीलाही पैठणला नेलं. "बापाच्या हाती पोरगी ठिवू काय?" असं तो चारचौघांत बोलला. पोरगीही गेली. जाताना बापाकडं तिनं पाहिलं नाही, असं मला शेजाऱ्यांनी सांगितलं.

पतीला नोटीस देऊन बोलावलं. माझा आवाज तसा मोठाच. मी विचारलं, वेग किती होता? चाळीस-पन्नास. भांडण झालं होतं? नाही. मग मेहुणा खोटं बोलतो का? त्यावर ते गप्प. मी पुन्हा विचारलं, पुन्हा गप्प. खाली बघून बोटाच्या नखाशी चाळा. मी टेबलावर डायरी आपटली आणि म्हणालो, "अहो, बायको गेली तुमची. तोंड उघडा. नाहीतर पोरगी जन्मभर तुम्हाला खुनी समजेल." त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, पण शब्द आला नाही. माझी समजूत अशी की जो गप्प राहतो त्याच्याकडं लपवण्यासारखं काहीतरी असतं. समजूत खरीच होती. काय लपवलं होतं ते ओळखण्यात मी माती खाल्ली.

गाडीची कागदपत्रं मागितली तर त्यांनी एक जाडजूड फाइल आणली. ती बघून मी थक्क झालो. या माणसानं जुनी गाडी घेण्याआधी चार सेडानचा तक्ताच केला होता. कंपनीतल्या सवयीनं, रकाने पाडून. इंजिन केवढं, शहरात ॲव्हरेज किती आणि हायवेला किती, डिकीत किती बॅगा मावतात, स्पीड ब्रेकरला खालून घासते का. टायर बदलायला काय पडेल, सर्व्हिस किती किलोमीटरला, विमा दरवर्षी किती, स्पेअर पार्ट इथं मिळतात की पुण्याहून मागवावे लागतात, पाच वर्षांनी विकली तर हातात काय येईल. सगळं धरून महिन्याला किती पडेल, ते शेवटी लाल पेनानं. एअरबॅगच्या रकान्यात 'दोन' लिहिलेलं होतं. गाडीच्या माहितीपत्रकात तसंच होतं ना, म्हणून.

शेवटच्या रकान्यात एका मेकॅनिकचं नाव होतं आणि 'शनिवार, अकरा वाजता तपासणी'. त्यावर काट मारलेली आणि पुढं लिहिलेलं, 'राहू द्या.' मी वाचलं आणि फाइल मिटली. म्हटलं, आळस.

खबर आली ती पंधरा दिवसांनी. ठाण्यासमोरच्या टपरीवर मी चहा घेत होतो. एक म्हातारा माणूस बराच वेळ घुटमळत होता. नखांत रंग बसलेला, डेंटिंग-पेंटिंगवाला हे लगेच कळलं. जवळ येऊन हळूच म्हणाला, "साब, वो सफेद गाडी का डॅशबोर्ड खोल के देखो. मैंने उसकू सिर्फ कलर मारा था. अंदर का काम मेरा नहीं था. पेपर में पढ़ा, तब से खाना नहीं उतरता." नाव विचारलं तर मान हलवली आणि चालायला लागला. मी थांबवलं नाही. खबऱ्याला किती ओढायचं आणि कुठं सोडायचं, एवढं तरी मला नोकरीनं शिकवलं होतं.

मोटार वाहन निरीक्षकांना पत्र दिलं. ते आले, पंच बोलावले, आणि आवारातच डॅशबोर्ड खोलला. डावीकडं जिथं एअरबॅग असायला पाहिजे तिथं फोम कोंबला होता, गादीतला असतो तसा पिवळा फोम. स्टिअरिंगमध्ये तोही नव्हता, नुसतं झाकण चिकटवलेलं. आणि निरीक्षकांनी मला वायरींच्या टोकाला जोडलेली एक नखाएवढी वस्तू दाखवली. म्हणाले, "हा रेझिस्टर. हा लावला की गाडीला वाटतं बॅग जागेवर आहे. चावी फिरवली की धोक्याचा दिवा लागतो आणि शहाण्यासारखा विझतो. मालकाला कधी शंका यायची नाही."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. खरी बॅग टाकायला खर्च येतो म्हणून फोम, इथपर्यंत लबाडी समजली असती. पण तो दिवा विझावा म्हणून कुणीतरी डोकं चालवलं होतं. आत बसणाऱ्या माणसाला आपण उघडे आहोत हे कळूही नये, एवढी काळजी घेतली होती.

विमा कंपनीला चेसिस नंबर कळवून माहिती मागवली. तीन वर्षांपूर्वी ही गाडी दुसऱ्या जिल्ह्यात समोरून चेपली होती, विमावाल्यांनी ती दुरुस्तीच्या पलीकडची ठरवून भंगारात काढली होती. ती घेऊन, रंगवून विकली होती बीड बायपासकडच्या एका दलालानं.

मी पतीला परत बोलावलं. या वेळी आधी पाणी दिलं. फाइल उघडली आणि काट मारलेल्या ओळीवर बोट ठेवलं. "तुम्ही कारखान्यात बोल्टसुद्धा मोजल्याशिवाय पास करत नाही. शनिवारची तपासणी का काढून टाकली?"

त्यांनी पाण्याचा ग्लास खाली ठेवला. मग म्हणाले, "साहेब, गाडी मेहुण्यानं दाखवली होती. दलाल त्याच्या सोयऱ्यातला. मी मेकॅनिक आणतो म्हटल्यावर त्याला राग आला. म्हणाला, 'माझ्यावर भरवसा नाय व्हय दाजी?' तरी मी आणणारच होतो."

"मग?"

"मंडळी म्हणाली, नको. म्हणाली, माझ्या माहेरच्या माणसानं आणलेली गाडी तुम्ही मेकॅनिकला दाखवली तर मी भावापुढं तोंड कसं दाखवू?" त्यांनी चष्मा काढला. "साहेब, हे जबाबात लिहू नका. ती गेली. पोरीला कळलं तर ती म्हणेल आईनंच स्वतःचं मरण ओढवून घेतलं. त्यापेक्षा माझ्यावर राग आहे तो राहू द्या."

आमच्याकडं पाव्हण्याच्या शब्दावर शंका घेणं म्हणजे त्याच्या ताटातलं अन्न हुंगून बघण्यासारखं समजतात. सोयरीक जुळवताना माणसं सात पिढ्या उकरतात, पण त्याच सोयऱ्यानं आणलेल्या गाडीचं बॉनेट उघडायला लाजतात. भीड भिकेची बहीण, असं म्हणतात. इथं ती भीड एक माणूस घेऊन गेली.

दलालाला उचलला. पान खात आला, खुर्ची ओढून बसला. मी उभा केला. विचारलं, फोम का भरला? तर म्हणतो, "साहेब, गिऱ्हाईक काय विचारतं? ॲव्हरेज किती, एसी थंड करतो का, डिकीत सिलिंडर बसतो का. एअरबॅगचं कोणी नाव काढत नाही. धंद्यात सगळेच करतात." इतक्या थंडपणानं बोलला की शेजारी बसलेल्या हवालदारानं लिहायचं थांबवलं. मी त्याला विचारलं, "तुझ्या घरच्या गाडीत आहे का रे बॅग?" तो म्हणाला, "आमची नवी आहे ना." या वाक्यानंतर मी खोलीबाहेर गेलो. आत राहिलो असतो तर माझ्या हातून नोकरी घालवण्याजोगं काहीतरी घडलं असतं.

दलालाच्या जबाबात मेहुण्याचं नाव आलं. त्याला कमिशन मिळालं होतं, आणि गाडीला मोठा मार लागलेला आहे हेही माहीत होतं. फोमचं माहीत नव्हतं, हे मला पटलं. मी त्याला बोलावून समोर तो पिवळा तुकडा ठेवला. चोराच्या उलट्या बोंबा कशा असतात ते मी आयुष्यभर पाहिलं, पण असा मोठ्यानं ओरडणारा पहिलाच. ज्यानं गाडी गळ्यात मारली तोच फिर्यादी होऊन आला होता. तो रडायला लागला. "मला वाटलं थोडं ठोकलेलंय, नीट केलंय. बहीण गेल्यावर कुणीतरी मला इचारील म्हून मीच आधी बोललो." मी म्हणालो, "बहीण गेली. निदान भाची तरी बापाला परत दे." 

अपघाताच्या जागेजवळच्या एका टपरीवाल्याचा जबाब मिळाला, त्यानं मोटारसायकल आडवी येताना पाहिली होती. पतीविरुद्ध पुरावा नसल्याचा अहवाल पाठवला, दलालावर दोषारोपपत्र गेलं. पोरगी सिडकोत परत आली. पण बापलेकीत बोलणं जेवढ्यास तेवढंच, असं ऐकत होतो. बाईंनी मेकॅनिकला नको म्हटल्याचं ते वाक्य मी पतीच्या जबाबात लिहिलं नाही. तपास अधिकारी म्हणून ते चूकच होतं, आणि ती चूक मी मान्य करतो.

साक्षीला मी निवृत्तीनंतर गेलो. दलाल जामिनावर, नवा शर्ट घालून पुढच्या बाकावर. त्याचं यार्ड नव्या पाटीखाली चालू असल्याचं तोपर्यंत कानावर आलंच होतं. त्याच्या वकिलानं पतीला विचारलं, "आपण क्वालिटी इन्स्पेक्टर. चार गाड्यांचा तक्ता करता. मेकॅनिक ठरवता आणि रद्द करता. का?" पोरगी मागच्या बाकावर बसली होती. मी त्यांच्याकडं पाहत राहिलो. मनात म्हणत होतो, सांगा, आता तरी सांगा, तो वकील तुम्हाला बेजबाबदार ठरवतोय.

ते म्हणाले, "आळस केला."

वकील हसला. दलालही हसला. मला वाटलं, उठून दोघांचं थोबाड रंगवावं.

बाहेर व्हरांड्यात ते एकटेच कठड्याला टेकून उभे होते. मी जवळ जाणार तेवढ्यात पोरगी आली. हळू आवाजात म्हणाली, "पप्पा, तुम्ही आळशी नाही. आई नको म्हणाली तेव्हा मी स्वयंपाकघरातच होते. पोहे करत होतो आम्ही."

त्यांनी वळून तिच्याकडं पाहिलं. ती म्हणाली, "मामाकडं असताना मला हे रोज सांगायचं होतं. पण आईला नाव ठेवल्यासारखं झालं असतं." मग दोघं तिथंच, येणाऱ्याजाणाऱ्या माणसांत, एकमेकांना धरून रडली. मी पाठ फिरवली.

पोलिसाला शिकवतात की गप्प माणसावर दाब वाढवा. मी तरुण अधिकाऱ्यांना भेटलो की सांगतो, आधी विचारा की तो कुणासाठी गप्प आहे. खटला अजून चालू आहे. आणि त्या बायपासवरून जाताना रांगेत लावलेल्या, पॉलिश केलेल्या गाड्या दिसतात, शेजारी बायकापोरांना घेऊन आलेला एखादा माणूस टायर लाथेनं ठोकून बघताना दिसतो. त्या वेळी मी गाडी थांबवतो, खाली उतरतो आणि त्या अनोळखी माणसाला सांगतो की डॅशबोर्ड खोलून बघ. दुकानदार मला वेडा म्हणतात. म्हणू देत.