पडद्याला दिलेलं उत्तर

ब्रिस्टलमध्ये आमच्या शेजारी एक इटालियन आजी राहतात. नव्वदीला टेकल्यात, पण कचऱ्याचा डबा बाहेर ठेवायलासुद्धा लिपस्टिक लावून येतात. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी मनात म्हटलं, काय हा थाट! नंतर कळलं की इटलीत टीव्ही नवा नवा आला तेव्हा त्या निवेदिका होत्या. दोनच वर्षं. पुढचा कार्यक्रम कोणता ते सांगायचं, हसायचं आणि दिसेनासं व्हायचं. मग लग्न करून त्या इकडे आल्या.

सगळं थेट प्रक्षेपण, त्यामुळे त्यांचं काहीच जपलेलं नाही. "मी कशी दिसायचे ते मी सोडून सगळ्यांनी पाहिलंय," असं त्या हसत सांगतात. खरी खंत वेगळीच आहे. त्यांच्या गावात एकच टीव्ही होता, कॅफेत. त्यांची आई रोज तिथे पुढची खुर्ची धरून बसायची आणि लेक पडद्यावर 'शुभ संध्याकाळ' म्हणाली की मोठ्याने उत्तर द्यायची. लोक हसायचे. लेकीला हे कळलं ते आई गेल्यावर, कॅफेवाल्याकडून.

"रोज उत्तर येत होतं. मला एकदाही ऐकू आलं नाही."

माझ्या तोंडात तीळ भिजत नाही. मीही सांगून बसले, की नागपूरला आमच्याकडे टीव्ही आला तेव्हा निवेदिकेने नमस्कार केला की आई हातातलं काम टाकून परत नमस्कार करायची. आम्ही भावंडं खो खो हसायचो. पुढे तिने हात जोडणं सोडून दिलं.

"तूही हसायचीस?" आजींनी इतकंच विचारलं.

हसायचे. सगळ्यांत जास्त मीच. आता इतक्या लांबून तो नमस्कार पुन्हा बघावासा वाटतो, फार वाटतो.

रविवारी दुपारी मी आईला व्हिडिओ कॉल करते. हिवाळ्यात इथे एक वाजतो तेव्हा तिकडे दिवेलागण झालेली असते. त्या रविवारी आजींना बोलावलं आणि आईला सांगितलं, "आई, या आजी टीव्हीवर निवेदन करायच्या. तुला ऐकवणार आहेत."

आजी फोनसमोर ताठ बसल्या. केस सारखे केले, हनुवटी जराशी उचलली आणि इटालियनमध्ये शुभ संध्याकाळ म्हणाल्या. पुढचा कार्यक्रमही सांगितला असावा, मला पुढचं अक्षरही कळलं नाही.

आईने आधी माझ्याकडे पाहिलं. मी हसत तर नाही ना, हे ती बघत होती.

मग तिने पदराला हात पुसले आणि जोडले. "नमस्कार हो. छान बोलता तुम्ही. जेवण झालं का?"

आजींनी मला अर्थ विचारला नाही. फोनवरची नजर न काढता त्या म्हणाल्या, "ऐकू आलं."