हप्ता वाढला नाही

माझ्या नवऱ्याने बावीस वर्षं तीन पाळ्यांत काम केलं. नगर रस्त्यावरच्या एका कारखान्यात तो तयार झालेले भाग तपासतो. एक आठवडा सकाळपाळी, एक दुपारपाळी, एक रात्रपाळी, की पुन्हा पहिल्यापासून. तरुणपणी हे चालून गेलं. चाळिशीनंतर त्याची झोप गेली, मग पोट बिघडलं, मग रक्तदाब वाढला. आमच्या डॉक्टरीणबाई एकदा म्हणाल्या, "झोपेची गोळी लिहून देईन, पण पाळीवर माझ्याकडे गोळी नाही."

गेल्या वर्षी कारखान्याने त्याला विचारलं, नव्या मुलांना शिकवायच्या विभागात येता का? नऊ ते साडेपाच, रविवारी सुट्टी. पाळीभत्ता आणि ओव्हरटाइम जाणार, म्हणजे हातात येणारा पगार महिन्याला अकरा हजारांनी कमी. उत्तर महिनाअखेरपर्यंत द्यायचं होतं.

तो घरी आला आणि चपला काढता काढताच म्हणाला, "मला जायचंय. पण तू हो म्हणालीस तरच."

घरचा हिशोब माझ्याकडे असतो. मी एका महाविद्यालयाच्या कार्यालयात फी आणि पगाराचं काम बघते, त्यामुळे आकड्यांची सवय आहे आणि थोडी खोडही आहे. मी म्हटलं, "दोन दिवस द्या. अकरा हजार कुठून काढायचे ते बघते."

पहिला प्रश्न कर्जाचा होता. आम्ही कर्वेनगरला भाड्याने राहत होतो. करोनाची साथ ओसरत असताना व्याजदर खूप खाली आले होते, तेव्हा वाघोलीत हा फ्लॅट घेतला. किंमत सगळं धरून चव्वेचाळीस लाख. चौदा आमचे, तीस बँकेचे. सात टक्के व्याज, पंधरा वर्षं, हप्ता सव्वीस हजार नऊशे पासष्ट. पंधरा वर्षं मुद्दाम घेतली होती. नवरा तेव्हा त्रेचाळीसचा होता आणि अठ्ठावन्नला निवृत्त होणार. निवृत्तीनंतर हप्ता नको, एवढंच आमचं धोरण.

त्यानंतर दर वाढले. तेव्हा सोसायटीत दुसरा विषय नव्हता. आमच्या समोरच्या घरातले गृहस्थ पार्किंगमध्ये भेटले की सुरू व्हायचे, "अहो, आमचा हप्ता साडेतीन हजारांनी वाढला. तुमचा?"

"आमचा नाही वाढला," मी सांगायची.

"कमाल आहे! कुठली बँक?"

वर आल्यावर आम्ही दोघं त्यांच्याबद्दल हळहळायचो. बिचाऱ्यांची बँक चांगली नाही, असं आमचं मत झालं होतं. दर महिन्याच्या पाच तारखेला माझ्या फोनवर तोच आकडा यायचा, मी तो वहीत लिहायची आणि खात्री करून घ्यायची की एक रुपयाही इकडचा तिकडे झालेला नाही.

त्यामुळे मी धरून चालले होते की दहा वर्षं दहा महिने राहिले. नवऱ्याच्या निवृत्तीआधी कर्ज संपतं. फक्त बँकेकडून खात्री करून घ्यावी, म्हणून शनिवारी सकाळी शाखेत गेले. कर्जाच्या टेबलावर एक तरुण अधिकारी मुलगी बसली होती. खाते क्रमांक सांगितला. ती म्हणाली, "एकशे शहात्तर हप्ते राहिलेत."

"एकशे तीस," मी म्हटलं.

"नाही मॅडम, एकशे शहात्तर."

"अहो, मी मोजलेत."

"मॅडम, सिस्टीमनेही मोजलेत," ती म्हणाली. पुण्यात असं उत्तर ऐकून घ्यायची सवय असते, तरी मला ते लागलं. पण मुलगी मनाने चांगली होती. तिने स्क्रीन माझ्याकडे वळवली आणि सावकाश समजावलं. आमचा दर बदलता होता. तो पायरीपायरीने सातवरून सव्वानऊवर गेला. दर वाढला की बँकेला दोन गोष्टी करता येतात, हप्ता वाढवायचा किंवा हप्ता तोच ठेवून वर्षं वाढवायची. आम्ही काहीच कळवलं नाही, म्हणून वर्षं वाढली. तसा मेसेजही आला होता. 'कालावधी समायोजित करण्यात आला आहे.' तो मी वाचलाही होता. हप्ता तोच आहे हे बघून समाधानाने बंद केला होता.

शेहेचाळीस महिने वाढले होते. जवळजवळ चार वर्षं.

बसमध्ये बसून मी मोबाइलवर गुणाकार केला. शेहेचाळीस गुणिले सव्वीस हजार नऊशे पासष्ट म्हणजे बारा लाख चाळीस हजार. हप्ता साडेतीन हजारांनी वाढवून घेतला असता, तर वर्षं तीच राहिली असती आणि सगळे मिळून साडेपाच लाखांच्या आत जास्त गेले असते. म्हणजे महिन्याला साडेतीन हजार वाचले या आनंदाची किंमत सात लाख होती. समोरच्या गृहस्थांची बँक वाईट नव्हती. त्यांना निदान कळत तरी होतं की आपल्याला काय लागतंय.

खरं सांगायचं तर त्याहून मोठा धक्का दुसऱ्याच आकड्याचा होता. पन्नास हप्ते भरून झाले होते. साडेतेरा लाख रुपये. त्यातून मुद्दल कमी झालं होतं चार लाख सात हजारांनी. बाकीचं व्याज. हे कर्ज घेताना मला माहीत नव्हतं असं नाही. सुरुवातीला व्याज जास्त आणि मुद्दल कमी जातं, हे मी दुसऱ्यांना समजावूनही सांगते. पण माहीत असणं वेगळं आणि आपले साडेतेरा लाख समोर बघणं वेगळं. घर कितीला पडलं असं कुणी विचारलं की आम्ही चव्वेचाळीस सांगायचो. कागदावर ते पंधरा वर्षांत साडेबासष्टला पडणार होतं. आता ते पंचाहत्तर लाखांकडे निघालं होतं.

घरी आल्यावर नवऱ्याला सांगितलं. तो एवढंच म्हणाला, "म्हणजे मी बासष्टचा होईपर्यंत."

"जवळजवळ."

"मग शिफ्टच बरी. ओव्हरटाइम जास्त घेईन." आणि तो दुपारपाळीसाठी डबा भरायला उठला. त्याच्या आवाजात तक्रार नव्हती, त्यामुळे मला जास्त वाईट वाटलं. आदल्याच दिवशी त्याने जुनं मापन-यंत्र काढून पुसून ठेवलं होतं, मुलांना शिकवायला बरं म्हणून.

रविवारी मी जेवणाच्या टेबलावर सगळे आकडे मांडले. आमची मुलगी खराडीत नोकरी करते, तीही घरी होती. आमच्याकडे सहकारी बँकेत साडेसात लाखांच्या ठेवी होत्या, पावणेसात टक्क्यांच्या. शिवाय दर महिन्याला दहा हजार आवर्ती ठेवीत जायचे. ती पूर्ण झाली की नवीन ठेव व्हायची. मी म्हटलं, "आपण एका बाजूने सव्वानऊ टक्के देऊन पैसे आणतोय आणि दुसऱ्या बाजूला तेच पैसे पावणेसातने ठेवतोय. त्या पावणेसातवर कर भरतोय तो वेगळाच."

नवऱ्याने मान वर केली. त्याला पुढचं कळलं होतं. "ठेव मोडायची नाही," तो म्हणाला.

त्याच्या घरात हा नियम आहे. सासऱ्यांनी आयुष्यात एकही ठेव मोडली नाही. आजारपणात उसने घेतले, पण ठेव मोडली नाही. दिवाळीत लक्ष्मीपूजनाला पाटावर दागिन्यांशेजारी ठेवींच्या पावत्या मांडायच्या आणि त्यांच्यावर हळद-कुंकू वाहायचं. आम्हीही तेच करत आलो. आमच्या काही पावत्यांवर रक्कम नीट वाचता येत नाही इतकं कुंकू आहे.

"त्यातले पाच लाख हिच्या लग्नाचे आहेत," तो पुढे म्हणाला.

"बाबा, माझं लग्न कुठे ठरलंय?"

"ठरेल ना."

"ठरलं की मी कर्ज काढीन. तुमच्यासारखी बघणार मात्र नाही, हप्ता वाढलाय का फक्त एवढंच."

"तू गप्प बस," मी म्हटलं, पण मला हसू आलं. नवऱ्याला आलं नाही.

"आणि दिवाळीत पाटावर काय मांडायचं?" त्याने विचारलं. तो खरंच विचारत होता.

"कर्जाचं स्टेटमेंट मांडा," मुलगी म्हणाली. "कुंकवाने थोडं झाकलं जाईल."

या वेळी तोही हसला. मग मी कागद त्याच्याकडे सरकवला. तो माझ्यासारखाच माणूस आहे, सांगितलेल्यावर नाही तर मोजलेल्यावर विश्वास ठेवतो. आज पाच लाख मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर एकशे शहात्तरचे एकशे एकोणीस हप्ते राहतात. सत्तावन्न महिने जातात. त्याने चष्मा लावला, माझा कागद बाजूला ठेवला आणि सगळं पुन्हा स्वतः मोबाइलवर केलं. दोनदा. उत्तर तेच.

"पाच लाखांत पंधरा लाखांचे हप्ते कसे कमी होतील?"

"कारण त्या पंधरातले पाचच आपण घेतलेत. बाकीचे दहा हे त्या पाच लाखांवरचं पुढच्या वर्षांचं व्याज आहे."

"ठेवीवरही व्याज मिळालं असतं."

"मिळालं असतं. ते धरलंय मी. खालच्या ओळीत बघा." मी या प्रश्नाची वाटच बघत होते. ठेव तितकीच वर्षं राहिली असती तर तीही वाढली असती, म्हणून पंधरा लाख वाचले असं म्हणणं खोटं ठरेल. खरा फायदा दोन दरांमधल्या फरकाचा. आम्हाला कर्जाच्या व्याजावर करात सवलत मिळत नव्हती, म्हणून तो फरक पूर्णच आमचा होता. फायदा पंधरा लाखांपेक्षा पुष्कळ कमी होता, पण नक्की होता.

"उरलेल्या अडीच लाखांना हात लावायचा नाही," मी म्हटलं. "ते अडीनडीला. आणि आवर्ती ठेव बंद. दहा हजार सुटतात. पगार अकराने कमी होतोय."

"एक हजार कमी पडतात."

"माझे डेटाचे पैसे मी भरते," मुलगी म्हणाली. "वायफायचेही."

"इतकी वर्षं का नाही भरलेस?" मी विचारलं.

"कुणी मागितले नाहीत."

नवऱ्याने उठून कपाटातून पावत्या आणल्या, टेबलावर पसरल्या आणि कोणत्या मोडायच्या ते निवडू लागला. सर्वात जुनी त्याने तीनदा उचलली, तीनदा ठेवली. ती सासऱ्यांच्या हयातीत केलेली आणि दर वेळी नवी करत आणलेली. "ही राहू दे," तो म्हणाला. ती अडीच लाखांत बसत होती. मी हो म्हटलं.

सोमवारी त्याची साप्ताहिक सुट्टी होती. मीही रजा टाकली. सहकारी बँकेतल्या क्लार्कने पावत्या बघितल्या आणि आमच्याकडे बघितलं. "मोडताय? सगळं ठीक आहे ना घरी?"

"ठीक आहे," नवरा म्हणाला. "जरा जास्तच ठीक आहे."

मुदतीआधी मोडल्याबद्दल एक टक्का व्याज कापलं गेलं. ते मी आधीच धरलं होतं. कर्जाच्या बँकेत मात्र मुद्दल आधी भरण्यावर काही दंड लागत नाही. तीच अधिकारी मुलगी टेबलावर होती. तिने विचारलं, "हप्ता कमी करायचा की वर्षं?"

"वर्षं," आम्ही दोघं एकदम म्हणालो.

तिने काही टाइप केलं आणि सांगितलं, "एकशे एकोणीस. शेवटचा थोडा लहान असेल."

दहा वर्षांत एक महिना कमी. मूळ ठरलं होतं त्याच्याही आधी जवळजवळ वर्षभर. सगळा हिशोब धरून घर आता साडेचौसष्ट लाखांना पडेल. दर पुन्हा बदलला तर हा आकडाही बदलेल, आणि या वेळी मी हप्त्याकडे बघणार नाही, राहिलेल्या महिन्यांकडे बघणार आहे. साडेचौसष्ट काही थोडे नाहीत. पण ते काय आहेत हे आम्हाला माहीत आहे, आणि ते आमच्या आवाक्यात आहेत.

बँकेतून बाहेर पडल्यावर त्याने तिथेच, रिक्षास्टँडजवळ उभं राहून कारखान्यात फोन केला. "साहेब, ते ट्रेनिंगचं. हो, येतो म्हणतोय. एक तारखेपासून." पलीकडून काहीतरी विचारलं गेलं. "नाही नाही, पगाराचं बघितलंय घरी," तो म्हणाला.

आता तो पावणेसातला घरी असतो. सुरुवातीला या वेळेचं काय करायचं हे त्याला कळत नव्हतं. टीव्ही लावायचा, बंद करायचा. नऊ वाजले की डुलक्या काढायचा आणि सकाळी अलार्मआधी उठून मलाच विचारायचा, "आज कुठली पाळी?" महिनाभराने रक्तदाबाची एक गोळी अर्धी झाली. डॉक्टरीणबाईंनी कौतुक वगैरे केलं नाही, फक्त म्हणाल्या, "चालू ठेवा."

परवा त्याला पहिल्यांदा एकट्याला भाजी आणायला पाठवलं. पाऊण तास लागला. पिशवीत तीन जुड्या मेथी, दोन किलो वांगी आणि एक भोपळा.

"अहो, दोन किलो वांगी कोण खाणार?"

"तो म्हणाला घेऊन टाका, स्वस्त लावतो."

"आणि तुम्ही घेतलीत."

"मला काय माहीत भाव! संध्याकाळी कधी मंडईत गेलोय मी?" तो सोफ्यावर बसला आणि मेथीची जुडी सोडून निवडायला घेतली. पानं काढताना तो आज शिकवलेलं सांगत होता. एका मुलाचा माप घेताना हात थरथरतो, म्हणून त्याने त्याला आधी पाणी प्यायला लावलं. त्याने मेथीची देठं पानांत टाकली होती आणि पानं कचऱ्यात. मी पानं परत वेचून घेतली. संध्याकाळचे साडेसात वाजले होते आणि तो जागा होता.